दहा बाय बारा : प्रकल्प नोंदी

२९ मे २०२५

पटकथेचं दुसरं वाचन आज झालं. या सिनेमाचं कला दिग्दर्शन माझ्याकडे, म्हणजे सेट आणि त्यातली प्रत्येक वस्तू. एकशे चार सीन, त्यातले एकसष्ट एकाच खोलीत. लालबागची चाळ, दुसरा मजला, गिरणी कामगाराचं सहा माणसांचं घर. काळ जानेवारी १९८२ ते १९८३ चा उन्हाळा. १८ जानेवारी १९८२, सोमवार, या दिवशी डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली अडीच लाखांच्या आसपास गिरणी कामगार संपावर गेले, आणि तो संप मागे घेतल्याची घोषणा कधी झालीच नाही. आमची गोष्ट त्याच्या चार दिवस आधी, संक्रांतीला सुरू होते.

निर्मात्यानं विचारलंच, "खऱ्या चाळीत का नाही करायचं?" सेटचा खर्च कागदावर एका ओळीत दिसतो, खऱ्या जागेचा वीस ओळींत विखुरलेला असतो, म्हणून तो कमी वाटतो. मी सांगितलं : आजच्या चाळीत अ‍ॅल्युमिनियमच्या सरकत्या खिडक्या आहेत, जमिनीवर व्हिट्रिफाइड टाइल्स आहेत, गॅलरीत एसीची युनिटं लटकतायत आणि कठड्यापलीकडे पन्नास मजली टॉवर उभा आहे. शिवाय ऑगस्टमध्ये लालबागला सिंक साउंड, म्हणजे शूटच्या वेळीच आवाज टिपायचा? ढोलांची तालीम सुरू असताना? विषय तिथंच संपला.

गोरेगावच्या चित्रनगरीत फ्लोअर, म्हणजे सेट उभारायला बंदिस्त स्टुडिओ, मिळाला. ७ जुलैला ताबा, ५ ऑगस्टपासून शूट. गणपती २७ ऑगस्टला. माझे हेड सुतार कुडाळचे, सगळं युनिट त्यांना मामा म्हणतं. त्यांनी आजच बजावून ठेवलं : "ताई, २३ च्या रात्री मी गाडीत. मग सेट उभा असो नायतर आडवा." यंदा पाऊस २६ मेलाच येऊन बसला आहे. लाकूड, प्लाय, रंग, पीओपी, सगळं ओल्या हवेत करायचं.

३ जून

आत्याला घेऊन लालबागला गेले. ती लग्न होऊन १९६९ साली तिथं आली आणि २००४ पर्यंत राहिली. तिची चाळ पाडली, पण शेजारची, त्याच मालकाची, अजून टेकूंवर उभी आहे. तिथल्या एका बंद खोलीची किल्ली मिळाली.

मापं : खोली दहा फूट बाय बारा फूट. उंची साडेदहा. माळा मागच्या भिंतीला, तीन फूट रुंद. मोरी तीन बाय साडेतीन, शहाबादी फरशी, कठडा सहा इंच. दरवाजा दोन फळ्यांचा, पावणेतीन फूट. उंबरा मधोमध पाऊण इंच झिजलेला, आणि झीज अगदी मधोमध नाही, जरा उजवीकडे. आत्या म्हणाली, डावी फळी कायम लावलेलीच असायची, तिच्या मागे चपला ठेवायचे.

माझ्या असिस्टंटनं संदर्भ म्हणून बीडीडी चाळींचे फोटो काढून आणले होते. परत पाठवले. बीडीडी चाळी १९२० च्या दशकातल्या, सरकारनं बांधलेल्या, काँक्रीटच्या. आपली चाळ खासगी मालकाची, लाकडी खांब-तुळयांची, वर मंगलोरी कौलं. जिन्याचा कठडासुद्धा लाकडी, हातांनी गुळगुळीत झालेला. दोन्हींना चाळच म्हणतात, म्हणून गोंधळ होतो.

भिंतीतले खिळे मोजले. एकतीस. दाराजवळचा छत्रीचा. त्याच्या शेजारी तीन इंचांवर रेशनच्या पिशवीचा. आरशाचा खिळा फार खाली होता, मी वाकून बघितलं. आत्या म्हणाली, "आरसा बसून बघायचा असतो गं. उभं राहून वेणी घालायला जागा कुठं होती?" प्रत्येक खिळ्याचा फोटो काढला, जमिनीपासूनची उंची लिहिली. मूड बोर्डापेक्षा ही यादी उपयोगी पडणार आहे.

६ जून

भांडण झालं, आणि लांबलं. डीओपीला, म्हणजे कॅमेरामनला, खोली चौदा बाय सोळा हवी. त्याचं चूक नाही. दहा बाय बारात कॅमेरा, बूम माइक, फोकस ओढणारा आणि सहा नट मावत नाहीत. "दोन-दोन, चार-चार फूट वाढवले तर प्रेक्षकाला कळतं थोडंच?" दिग्दर्शक त्याच्या बाजूला झुकला होता, निर्माता तर होताच, कारण मोठी खोली म्हणजे कमी वेळ.

दुपारी अंधेरीच्या ऑफिसातल्या बैठकीच्या हॉलमधलं फर्निचर बाहेर काढलं आणि जमिनीवर मास्किंग टेपनं दोन्ही खोल्या आखल्या. चौदा बाय सोळा, तिच्या पोटात दहा बाय बारा. मोरी, माळ्याखालची पेटी, खाट, शिलाई मशीन, मांडणी, सगळं टेपनं. मग सगळ्यांना डबे घेऊन आत जेवायला बसवलं. मोठ्या आखणीत मजेत जेवले. लहान आखणीत पाणी आणायला ऑफिस बॉय उठला आणि त्याला चार पावलांत तीनदा "सरका" म्हणावं लागलं. तिसऱ्या "सरका"ला दिग्दर्शकानं मान वर करून बघितलं.

माझा खरा मुद्दा त्याहून वेगळा होता, तो तेव्हाच काढला. या गोष्टीत खोली रिकामी होत जाते. भांडी विकली जातात, रेडिओ जातो, खाट जाते. ठासून भरलेली दहा बाय बारा रिकामी झाली की ती आपोआप मोठी दिसायला लागेल, आणि त्याच मोठेपणाची भीती वाटायला हवी. आधीच चौदा बाय सोळा बांधली तर रिकामी झाल्यावर ती नुसती रिकामी दिसेल. आणि रुंद लेन्स लावून लहान खोलीत काम भागवायचं तर लेन्सच ती मोठी करून दाखवणार. म्हणजे दोन्ही वाटांनी तेच.

तोडगा : खोली दहा बाय बाराच. चारपैकी तीन भिंती वाइल्ड, म्हणजे चाकांवर, कुठलीही सरकवून कॅमेरा बाहेर सहा-आठ फुटांवर ठेवायचा आणि पस्तीस मिलिमीटरची लेन्स लावायची. छत तीन तुकड्यांत, तराफ्यावरून (फ्लोअरच्या वरच्या मचाणावरून) कप्पीनं उचलता येईल असं. सुतारकाम दीडपट होईल हे मामांना विचारायच्या आधीच मला ठाऊक होतं. मामा फक्त म्हणाले, "बरं. म्हणजे घर न्हाय, कपाट बनवायचा."

११ जून

वस्तूंचा तक्ता. उभ्या ओळीत सीन, गोष्टीच्या क्रमानं. आडव्या ओळीत वस्तू. कुठली वस्तू कुठल्या सीननंतर घरातून गेली, तिथं फुली.

आधी मी सिनेमात बघितलेल्या क्रमानं भरला होता : रेडिओ, मग भांडी, मग मंगळसूत्र. आत्याला फोन करून वाचून दाखवला तर ती हसलीच. तिच्या म्हणण्याप्रमाणे आधी वस्तू जातच नाहीत, आधी दूध निम्मं होतं. मग पेपर बंद. मग माळ्यावरची पितळी भांडी जातात, सणाला काढायची ती. कारण माळ्यावर काय आहे आणि काय नाही हे शेजारणीला दिसत नाही. दारातून दिसणारी मांडणी सगळ्यात शेवटी. "मांडणी रिकामी झाली की चाळीला कळतं." शिलाई मशीन जातच नाही, कारण घरात येणारे चार पैसे आता तेच आणतं. मंगळसूत्राबद्दल ती काही बोलली नाही, मीही विचारलं नाही.

तक्ता नव्यानं केला. माळा हा आता खोलीतला सगळ्यात महत्त्वाचा भाग झाला. आधी मी तो नुसता रंगवून सोडणार होते. आता वर खरी भांडी लागणार, आणि ती गेल्यावर वर काय दिसतं तेही लागणार.

दुसरी गोष्ट कॅलेंडर. कालनिर्णय १९७३ पासून निघतं, म्हणजे ८२ साली भिंतीवर असायला हरकत नाही. रीतसर परवानगी घेऊन बारा पानं छापून घ्यायची आणि प्रत्येक तारखेच्या चौकोनात पेननं दुधाचा हिशोब. जानेवारीत रोज एक लिटर, मार्चपासून अर्धा, जूननंतर चौकोन कोरे. प्रेक्षक वाचणार नाही. पण आईचं काम करणारी बाई ते पान उलटताना वाचेल. आणि १९८३ चं कॅलेंडर विकत घेतलेलं नको, किराणा दुकानदारानं फुकट दिलेलं हवं, एकाच मोठ्या पानाचं. त्याच खिळ्यावर.

१९ जून

खरेदी. ओशिवऱ्याच्या जुन्या फर्निचरच्या बाजारात दोन फळ्यांचा दरवाजा मिळाला, कडी-कोयंड्यासकट, सागवानी. तीन इंच जास्त रुंद निघाला, मामा कापतो म्हणाले, मी नको म्हटलं, भाड्याचा आहे. चौकटच तेवढी रुंद करायची. आरसे, बेकेलाइटची काळी गोल बटणं, लाकडी पट्टीवरच्या वायरिंगच्या पत्र्याच्या क्लिपा चोरबाजारात, मटण स्ट्रीटला. उद्या शुक्रवार, तिथली दुकानं बंद, म्हणून आजच सगळं उरकलं. छत्रीची मूठ शोधण्यात पाऊण तास गेला आणि त्याचं समर्थन माझ्याकडे नाही.

पितळ भाड्यानं. पुरवठादाराकडे जाऊन एकूण चौतीस नग निवडले, प्रत्येकाला चिठ्ठी बांधली आणि तळ कागदावर ठेवून पेन्सिलीनं आखून घेतला. हंडा, कळशी, घंगाळ, परात, सगळ्यांच्या आकृत्या. कारण जी वस्तू वर्षानुवर्षं फळीवर असते तिच्याखालची फळी वेगळी राहते आणि भिंतीला टेकवून ठेवलेल्या परातीमागे भिंतीचा रंग उजळ राहतो. वस्तू गेली की तिची जागा दिसायला लागते. ती जागा आम्हाला रंगवायची आहे, तर माप नेमकं हवं.

२६ जून

गॅलरीपलीकडचं दृश्य : क्रोमा, म्हणजे संगणकावर दृश्य घालायला हिरवा पडदा, की रंगवलेला पडदा? निर्माता क्रोमा म्हणाला, डीओपी आणि मी पडद्याच्या बाजूनं. गॅलरी पावणेचार फुटांची, पलीकडे कौलं, गिरणीची एक चिमणी, आभाळ. एवढ्यासाठी हिरवा पडदा लावला तर त्याचा हिरवा उजेड खोलीत शिरणार आणि पितळेवर बसणार.

आमचे पेंटर काका कोल्हापूरचे, त्यामुळे पडदा म्हटल्यावर त्यांच्या अंगात आलं. आनंदराव आणि बाबूराव पेंटर हे भाऊ आधी नाटकांचे पडदे रंगवायचे आणि मग सिनेमाकडे वळले, हे काका प्रत्येक प्रोजेक्टला एकदा सांगतात. आज सांगून झालं. चाळीस बाय पंधरा फुटांचं कापड, चार दिवस. चिमणीतून धूर रंगवायचा नाही. संपाआधीच्या सीनमध्ये तेवढा धूर नंतर संगणकावर घालून घेऊ. बाकी दीड वर्ष चिमणी थंडच.

९ जुलै

फ्लोअरचा ताबा दोन दिवस उशिरा मिळाला, आधीच्या युनिटचा सेट निघत नव्हता. आठ बाय चारच्या प्लायचे फ्लॅट, मागे दोन-एक इंची पट्ट्यांची चौकट. पिंपात भरून मोरीचं पाणी काढायचं तर खाली जागा हवी, म्हणून सगळी खोली जमिनीपासून तीन फूट उचलली. चित्रनगरीच्या सुरक्षारक्षकानं रात्री एकट्यानं पार्किंगला जाऊ नका म्हणून सांगितलं. मागे जंगल आहे, बिबट्या येतो. सुतारांनी लगेच रात्रपाळीचा दर वाढवून मागितला.

१६ जुलै

तीन फूट उचलल्याचा फटका. साउंड रेकॉर्डिस्ट बघायला आला, अनवाणी चार पावलं चालला आणि म्हणाला, "हे घर नाही, तबला आहे." कोबा घातलेल्या जमिनीवर माणूस चालतो तेव्हा आवाज जवळपास येतच नाही, आमच्या प्लॅटफॉर्मवर ढबढब. वर रंग लाल कोब्याचा आणि आवाज पोकळीचा. दीड दिवस खर्च करून खालच्या चौकटीत वाळूच्या गोण्या आणि जुने गालिचे ठासले, वर प्लायचा दुहेरी थर आणि त्यावर सिमेंटचा पातळ लेप. आता चालण्याचा आवाज बसका येतो. मोरीकडचा कोपरा अजून वाजतो, पण तिथं पाण्याचा आवाज असेल.

२३ जुलै

भिंतीनं छळलं. पद्धत साधी आहे : सगळ्यात खाली निळसर पांढरा, त्यावर पिस्ता, त्यावर फेविकॉलचा थर, तो अर्धवट ओला असताना वर पाण्याचा रंग. वरचा थर वाळताना आकसतो, खालचा गोंद त्याला धरत नाही, आणि भेगा पडतात. कोरड्या हवेत तासाभरात सुंदर तडे जातात. काल रात्री आठ फूट भिंतीवर लावलं, सकाळी येऊन बघितलं तर भिंत ओलीच, भेगा नाहीत, नुसता गुळगुळीत रंग आणि मधूनमधून ओघळ. हवेत एवढी ओल की वरचा थर खालच्या गोंदाबरोबर सावकाश वाळला, आकसलाच नाही.

मोठे ब्लोअर आणि चार हॅलोजन लावून आज परत. भेगा आल्या, पण हॅलोजनसमोर जास्त, कडेला कमी. काका म्हणाले, खरी भिंतही खिडकीकडे जास्त तडकते. म्हणजे आमची चूक भिंतीच्या सवयीशी जुळली. हॅलोजन खिडकीच्या बाजूला हलवून बाकीचं पूर्ण केलं.

स्टोच्या वरची काजळी, मोरीजवळचे पाण्याचे ओघळ, चहापत्तीच्या पाण्यात भिजवलेले पडदे, मुलतानी मातीची धूळ माळ्यावर. बसल्यावर डोकं भिंतीला टेकतं तिथं, जमिनीपासून पावणेतीन फुटांवर, केसांच्या तेलाचा डाग. दोन दिवस सगळे झटले. मी फोटो काढून दिग्दर्शकाला पाठवले, त्यानं चार टाळ्या पाठवल्या. मीही खूश होते.

१ ऑगस्ट

आत्याला सेट दाखवायला आणलं. पायऱ्या चढून आत आली, न बघता डावीकडे चपला काढल्या. मोरीपाशी वाकली, तोटी सोडून बघितली. बटणांच्या पट्टीकडे बघून म्हणाली, "खाली लावलीस. पोरांचा हात पोचायला नको म्हणून डोक्याच्या उंचीला असायची." तेलाच्या डागाशी थांबली. "हा बरोबर. हे इथंच टेकून बसायचे."

मग बराच वेळ काही बोलली नाही. बाहेर चहा घेताना म्हणाली, "एक सांगू? आम्ही इतके घाणेरडे नव्हतो गं."

दर दिवाळीला खोलीला चुना लागायचा, नीळ घालून. घरचीच माणसं मारायची, रात्रपाळी करून आलेला बापई ब्रश घेऊन उभा राहायचा. पितळ दर आठवड्याला चिंचेनं आणि राखेनं. फरशी रोज. "जागा नव्हती, पैसे नव्हते. पण हे असलं कुणाच्या घरी असतं तर चाळीनं नावं ठेवली असती."

मला उत्तर सुचलं नाही. आमच्या धंद्यात गरीब घर म्हटलं की हात आपोआप काळ्या पावडरीकडे जातो. इतक्या वर्षांत मी किती घरं अशी मळवली असतील, ते मोजायला बसले नाही.

२ ऑगस्ट

पेंटर काकांना सांगितलं. पहिल्यांदा चिडले, दोन दिवसांचं काम होतं. मग त्यांनीच विचारलं, "म्हणजे ८१ च्या दिवाळीत चुना मारलाय. संक्रांतीला अडीच-तीन महिन्यांची काजळी. आणि ८२ च्या दिवाळीला?"

८२ च्या दिवाळीला संप सुरू होता. चुना नाही. म्हणजे भिंतीलाही स्वतःचा तक्ता आहे. पहिल्या सीनला जवळजवळ पांढरी, पावसाळ्यानंतर डागाळलेली, आणि १९८३ मध्ये दीड वर्षाची. आम्ही जी मळकी भिंत केली ती चूक नव्हती, फक्त शेवटच्या सीनची होती.

शूटचा क्रम उलटा आहे हे इथं उपयोगी पडलं. बापाचं काम करणाऱ्या नटानं वजन उतरवलंय, ते फार दिवस टिकवता येणार नाही, म्हणून शेवटचे सीन आधी, मधले मग, संक्रांत अगदी शेवटी. भिंत मळकी तयार आहेच. तिच्यावर भांड्यांच्या उजळ जागा काढायच्या, त्या खोलीत शेवट आणि मधला भाग उरकायचा, आणि संक्रांतीच्या सीनआधी सगळ्यावर नीळ घातलेला पांढरा डिस्टेंपर. कुटुंबानं दिवाळीत केलं तेच आम्ही ऑगस्टमध्ये करायचं.

बटणं वर घेतली. पट्टीच्या जुन्या भोकांत लांबी (पुट्टी) भरली.

५ ऑगस्ट

पहिला दिवस, शेवटचे सीन. खोलीत मशीन, एक चटई, दोन डबे. दोन भिंती बाहेर काढून पस्तीसच्या लेन्सवर पहिला शॉट लावला. उजेड गॅलरीकडूनच यायला हवा, चाळीत दुसरीकडून येतच नाही. डीओपीनं गॅलरीच्या पलीकडे वरून पांढरं कापड ताणलं आणि दिवे त्याच्यावर मारले. सत्यजित रायांच्या १९५६ च्या 'अपराजितो'मध्ये बनारसचं घर कलकत्त्याच्या स्टुडिओत कला दिग्दर्शक बंसी चंद्रगुप्तांनी उभारलं, तेव्हा अंगणावर कापड ताणून कॅमेरामन सुब्रत मित्रांनी असाच उजेड उसना आणला होता. आम्ही अंगणाऐवजी गॅलरी केली, एवढंच.

मॉनिटरवर खोली प्रचंड दिसली. दिग्दर्शक उठून सेटवर गेला आणि पावलांनी मोजून आला. दहा बाय बाराच होती. डीओपी काही बोलला नाही, दुपारी मला स्वतःच्या डब्यातली माशाची तुकडी दिली.

११ ऑगस्ट

मधल्या भागाला सुरुवात आणि घोटाळा. पुरवठादारानं आम्ही चिठ्ठ्या बांधलेलं पितळ दुसऱ्या शूटला देऊन टाकलं आणि "सेम टू सेम" म्हणून दुसरं पाठवलं. हंडे चालले. पराती बावीस इंची निवडल्या होत्या, आल्या एकोणीस इंची. भिंतीला टेकवल्या तर प्रत्येकीभोवती दीड इंचाची उजळ कड, देवाच्या मूर्तीमागे प्रभावळ असते तशी. मांडणीवर तीन देव.

कड काजळीनं भरणं दहा मिनिटांचं काम होतं. पण बावीस इंची रिकाम्या जागा गेल्या आठवड्यात चित्रित होऊन गेल्यात. फोनवर पुरवठादार मलाच समजावत होता की एवढं कोण बघतं.

सीनचा क्रम बदलून खाटेवरचे सीन पुढे घेतले आणि असिस्टंटला पायधुनीला तांबाकाट्यावर पाठवलं. बावीस इंची तीन पराती, नव्या कोऱ्या, वजनावर विकत. संध्याकाळी आल्या त्या आरशासारख्या चकाकत होत्या. नेहमीप्रमाणे काळ्या करायला घेणार होते. मग चिंच आणि राख मागवली आणि स्पॉट दादांच्या बरोबरीनं बसून घासल्या. नवी चकाकी गेली, घासल्याचे बारीक ओरखडे आले. माझ्या हातांचा वास अजून जात नाही.

१४ ऑगस्ट

लंच ब्रेकला सगळे फोनवर एकच बातमी बघत होते. वरळीच्या बीडीडी चाळींच्या पुनर्विकासातल्या पहिल्या ५५६ घरांच्या चाव्या दिल्या. एकशे साठ चौरस फुटांच्या खोलीतून पाचशे चौरस फुटांच्या फ्लॅटमध्ये. मामांनी आमच्या सेटकडे बघून हिशोब केला, "आपल्या असल्या चार खोल्या बसतील त्यात." लाइटमनमधल्या एकानं विचारलं, मग मेंटेनन्स किती? त्यावर सगळ्यांनी आपापली मतं दिली आणि ब्रेक दहा मिनिटं लांबला.

१९ ऑगस्ट

कालपासून रेड अलर्ट. काल दुपारी फ्लोअरच्या पत्र्यावर पाऊस इतका वाजत होता की रेकॉर्डिस्टनं हेडफोन काढून टेबलावर ठेवले. आज सरकारी कार्यालयांना सुट्टी, हार्बर लाइन बंद, शूट रद्द. संध्याकाळी मोनोरेलही मधेच अडकली, लोकांना शिडी लावून उतरवलं, ते टीव्हीवर बघितलं.

आमच्यासाठी एक बरं झालं. १७ ला रात्री भिंतीला पांढरा मारला होता आणि तो वाळत नव्हता. काल शूट झालं असतं तर ओल्या भिंतीसमोर झालं असतं. सेटिंगवाल्यांपैकी दोघे फ्लोअरवरच अडकले होते, त्यांनी रात्रभर ब्लोअर फिरवत ठेवले. आज दुपारी त्यांनी व्हिडिओ कॉलवर भिंत दाखवली. निळसर पांढरी, स्टोच्या मागे नुसती एक सावली.

२२ ऑगस्ट

संक्रांतीचा सीन, शेवटचा. माळा भरलेला, मांडणी भरलेली, एकतीस खिळ्यांवर एकतीस वस्तू, खाटेखाली पेट्या, कालनिर्णयचं जानेवारीचं पान, डब्यात तिळगूळ. सहा नट आणि दोन शेजारी. रंगीत तालमीत मधल्या मुलाचं काम करणारा पोरगा वाटी घेऊन मोरीकडून दाराकडे जायला निघाला आणि अडला. संहितेत नव्हतं, पण तो वैतागून आजीला म्हणाला, "सरक ना जरा." आजीनं मान न वळवता पाय आखडून घेतले. दिग्दर्शक म्हणाला, हे ठेवायचं.

डीओपीनं मला बोलावून मॉनिटर दाखवला. "पाच तारखेचीच खोली आहे ना ही?" मी म्हटलं, भिंत मोजून घे.

रात्री साडेनऊला पॅकअप.

२५ ऑगस्ट

मामा २३ ला रात्री गेले. त्याआधी दिवसभरात तिन्ही वाइल्ड भिंती आणि छत उतरवून रचून ठेवलं. उरलेलं सेटिंगवाल्यांनी काल आणि आज काढलं. प्लायचे फ्लॅट सत्तर टक्के शाबूत, पुढच्या कामाला जातील. दरवाजा ओशिवऱ्याला परत, डिपॉझिट पूर्ण मिळालं, कापला नव्हता हे बरं. पितळ परत, पुरवठादाराला पराती सोडून बाकीचे पैसे दिले आणि तो अजून रागावलेला आहे. नव्या तीन परातींपैकी एक आत्याकडे, दोन निर्मात्याच्या गोडाऊनला. पडदा गुंडाळून पेंटर काकांनी स्वतःच्या टेम्पोत घातला, मी बघितलं नाही असं ठरलं आहे. वाळूच्या गोण्या उचलायला कुणी तयार नाही, त्यांचं भाडं दोन दिवस जास्त पडणार.

अंधेरीच्या ऑफिसात हिशोबाची बिलं द्यायला गेले. हॉलमधलं फर्निचर परत आलंय, बाहेरच्या आखणीची टेप झाडूनं निघून गेली, आतली अजून आहे. मोरीच्या कोपऱ्यात प्रिंटर ठेवलाय, आणि अकाउंटंट बाई खाटेवर बसतात.